कयिरुरावांची तालीम

विहिरीत बेशुद्ध पडलेल्या माणसाला वाचवायला मी विहिरीत उतरलो. ही माझी चूक.

सांगलीत ही हकिकत सांगितली की कोणालाच ती चूक वाटत नाही. ऐकणाऱ्यांचे चेहरे गंभीर होतात, कोणीतरी माझ्या पाठीवर हात ठेवतो आणि त्या दिवशी मला चहा जरा जास्त साखरेचा मिळतो. इतकी वर्षं मी तो चहा निमूटपणे पीत आलो. पण ही चूक करू नको म्हणून ज्या माणसाने मला आठ महिने रोज सकाळी बजावलं, तो आता नाही. त्याच्या पश्चात त्याच्या नियमाविरुद्ध मिळालेला चहा घशाखाली उतरेनासा झाला, म्हणून खरं काय ते लिहून टाकतो.

कुंभकोणमला सगळे त्यांना कयिरुराव म्हणत. कयिरु म्हणजे तमिळमध्ये दोर. त्यांचं खरं नाव मला ठाऊक आहे, पण त्या नावाने हाक मारली असती तर त्यांनीही मागे वळून पाहिलं नसतं. उंच, वाळलेले, कपाळाला गोपीचंदन, एका खांद्यावर उपरणं आणि दुसऱ्या खांद्यावर काथ्याच्या दोराचं वेटोळं. लग्नाला गेले तरी वेटोळं बरोबर. विठ्ठलाच्या मठात भजनाला बसायचे तेही दाराशी, आणि अभंग सुरू होण्याआधी म्हाताऱ्या पेटीवाल्याकडे पाहून शेजारच्याला हळूच विचारायचे, की इथे आग लागली तर यांस कोण उचलील. शेजारचा "मी" म्हणेपर्यंत ते टाळ हातात घेत नसत.

स्वातंत्र्य येऊन पाचसहा वर्षं झाली होती. ओव्हरसियरच्या परीक्षेत मी दोनदा नापास झालो होतो आणि तिसऱ्यांदा बसायला वडील तयार नव्हते. मावशी कुंभकोणमला दिलेली, तंजावरच्या मराठी राज्याबरोबर तिकडे गेलेल्या एका घरात. तिच्या यजमानांनी मला एका कंत्राटदाराकडे चिकटवून दिलं. हा कंत्राटदार विहिरी खणायचा, जुन्या विहिरींचा गाळ काढायचा आणि गटारांसाठी खोल चर खोदायचा. कामावरचे मुख्य कयिरुराव, आणि मी त्यांचा असिस्टंट. असिस्टंटने काय करायचं ते मला कोणी सांगितलं नव्हतं, म्हणून मी छत्री घेऊन उभा राहायचो.

त्यांची मराठी पहिल्यांदा ऐकली तेव्हा वाटलं, कोणीतरी जुनं दप्तर सोडून त्यातला कागद वाचतंय. तिकडची मंडळी घरात अशीच बोलतात. आपल्याकडे दोनशे वर्षांपूर्वी संपलेली भाषा तिथे भाजीला फोडणी घालताना ऐकू येते. पहिल्याच दिवशी एका अर्धवट खणलेल्या विहिरीच्या काठावर उभं करून त्यांनी मला विचारलं, "तुज भय वाटतें कीं नाहीं?"

मी छाती काढून म्हणालो, नाही.

"मग दहा हात दूर उभा राहा. ज्यास भय नाहीं तो मज उपयोगाचा नव्हे."

मी दहा हात दूर जाऊन उभा राहिलो. माणसं हसली. मीही हसलो, कारण ते काय म्हणाले ते मला तोवर नीट कळलं नव्हतं.

त्यांची भीती मात्र हळूहळू अंगात भिनायची. ते कधी ओरडत नसत. खड्ड्याच्या काठावर उकिडवे बसून वाळूची भिंत बोटाने खरवडायचे आणि कान लावून ऐकायचे. कावेरीकाठची वाळू. वरून टणक दिसते आणि आतून अचानक सुटते. कान लावून झाला की ते एवढंच म्हणायचे, "सरी," म्हणजे ठीक, "आतां निजली आहे." त्यानंतर त्या भिंतीकडे पाठ करायची माझी हिंमत होत नसे. महिनाभरात माझी ही गत झाली की मावशीच्या परसातल्या आडावर अंघोळ करतानासुद्धा मी एका हाताने खांब धरून दुसऱ्या हाताने तांब्या ओतायचो. मावशीला वाटलं, मला चक्कर येते. तिने काढा करतात तसलं कषाय मला पाजलं.

प्रत्येक खड्ड्याचा एक कागद असे. त्यावर काय खणायचं ते नसायचं. माणूस आत अडकला तर काय करायचं ते असायचं. ओढणारे दोघं, पळणारा एक, धरणारा एक, सांगणारा एक. ओढणाऱ्यांनी दोर ओढायचा. पळणाऱ्याने जटक्यावाल्याला, म्हणजे घोडागाडीवाल्याला, उठवून डॉक्टरला आणायचं. एका माणसास एकच काम, हा पहिला नियम. रोज सकाळी कागद मोठ्याने वाचला जाई आणि ज्याने त्याने आपापलं काम तेवढं परत म्हणून दाखवायचं. दुसऱ्याचं काम म्हणून दाखवलं की कयिरुराव त्याला घरी पाठवत.

मग पोत्याची तालीम. त्या दिवशी जो माणूस उतरणार, त्याच्या वजनाचं वाळूचं पोतं भरायचं. बहुतेक वेळा करुप्पन उतरायचा. आमच्याकडचा सगळ्यात जाणता खणणारा, पन्नाशीला आलेला, फार न बोलणारा. तांदळाच्या गिरणीतल्या काट्यावर त्याला बसवून त्याच्याइतकं पोतं भरलं होतं आणि त्या पोत्यालाही करुप्पन म्हणायचे. पोतं विहिरीत सोडायचं. कयिरुराव हातातलं उपरणं खाली टाकत, म्हणजे पोतं बेशुद्ध पडलं. त्या क्षणी ते स्वतःचा श्वास कोंडून धरत. पोतं वर येईपर्यंत श्वास घ्यायचा नाही. डोळे तारवटत, मानेच्या शिरा टरारून येत, ओढणारे घाबरून जास्तच चुका करत. त्यांना श्वास घ्यावा लागला की पोतं मेलं. एकदा पोतं वर आलं आणि तेच खाली कोसळले. करुप्पन बाजूला विडी ओढत आपलं मरण पाहत उभा असायचा. विचारलं तर म्हणायचा, आज कालच्यापेक्षा बरा मेलो.

पोतं मेलं तर सांगणाऱ्याने जायचं. कुठे? करुप्पनच्या घरी. त्याच्या बायकोला सांगायला.

हे काम माझ्याकडे आलं, कारण दुसऱ्या कुठल्याच कामात माझी निवड झाली नाही. तमिळमध्ये एक वाक्य पाठ करून दिलं होतं: आज तालमीत तुझा नवरा गेला. त्याची बायको वळ्ळी नदीकाठच्या झोपडीपुढे बसून विड्याच्या पानांच्या जुड्या बांधत होती. मी धावत गेलो, दम लागला होता, आणि पाठ केलेल्या वाक्यातलं पहिलं सोडून शेवटचं तेवढं तोंडातून बाहेर पडलं. तुझा नवरा गेला.

तिने माझ्याकडे पाहिलं. तिचा हात गळ्यातल्या ताळीवर, तिकडच्या मंगळसूत्रावर, गेला आणि तिथेच राहिला, आणि मांडीवरची पानं एकेक करून खाली सरकली. मला दम खायला किती वेळ लागला असेल, चार श्वास. मग मी उरलेला शब्द सांगितला. तालमीत.

ती उठली आणि केरसुणीने झोडपत तिने मला नदीपर्यंत नेलं.

परत येऊन मी कयिरुरावांपुढे तक्रार मांडली. वाटलं, आता हा प्रकार बंद होईल. त्यांनी सगळ्यांना गोळा केलं आणि मला म्हणाले, "तिचें तोंड कैसें झालें तें यांस सांग." मी सांगितलं. हात कुठे गेला, पानं कशी घसरली, सगळं. करुप्पनचा धाकटा भाऊ वेलन ओढणाऱ्यांपैकी एक होता, तो जमिनीकडे पाहू लागला. पोतं पुन्हा खाली सोडलं. या वेळी ते इतक्या झपाट्याने वर आलं की कयिरुरावांच्या चेहऱ्यावर अजून रंग होता.

त्यानंतर करुप्पन आणखी आठ वेळा मेला. नवव्या खेपेला वळ्ळीने निरोप ऐकून घेतला, पानांची टोपली शेजारणीकडे दिली आणि माझ्याबरोबर चालत कामावर आली. रोज उठून मारता, तर आता मीच बघते कसा मारता ते, असं तिने कयिरुरावांना तोंडावर सांगितलं. त्यांनी तिला दोर ओढायला लावून पाहिलं आणि दुसऱ्या दिवशीच्या कागदावर तिचं नाव आलं. नात्यातलं माणूस ओढायला चांगलं, ते जोर लावतं, असं त्यांचं मत. धरणारा मात्र नात्यातला कधीच नको.

चराचीही तालीम असे. ढासळलेल्या वाळूत माणूस गाडला गेला की लोक फावडी घेऊन धावतात आणि फावड्यानेच त्याला मारतात. म्हणून कयिरुराव वाळूत एक भोपळा पुरायचे आणि आम्ही तो नुसत्या हातांनी उकरून काढायचा. भोपळा हातात घेऊन ते त्याची साल उन्हात फिरवून बघत. नखाचा ओरखडा दिसला तरी पुन्हा पुरायचे. मी काढलेला एक भोपळा त्यांनी बराच वेळ पाहिला आणि विचारलं, याचें नाक कोठें आहे? संध्याकाळी त्या भोपळ्याचं सांबार होऊन त्यांच्या घरून मावशीकडे आलं. मला खाववेना.

एवढं सगळं कशासाठी, हे मी एकदा जरा चढ्या आवाजात विचारलं. धरणारा हा काय प्रकार आहे? एक धट्टाकट्टा माणूस दिवसभर नुसता उभा. ते तेव्हा दोराला पीळ देत होते. हात न थांबवता त्यांनी सांगितलं, चोळपुरमची गोष्ट, ते पंचवीस वर्षांचे असतानाची. विहिरीत घागर पडली. एक जण काढायला उतरला आणि खालीच बसला. त्याचा भाऊ त्याच्यामागे गेला. तोही बसला. त्यांचा मेहुणा गेला. वरून तिघंही दिसत होते, देवळाच्या ओट्यावर गप्पा मारत बसावेत तसे, भिंतीला टेकून.

"चौथा मी. माझा एक पाय आंत होता," कयिरुराव म्हणाले. "ताक विकणारी एक म्हातारी जात होती. तिनें मागून कंबर धरिली. मी लाथ मारिली. तिचा दांत पडला. तिनें सोडिलें नाहीं."

मग दोराचा पीळ तपासत म्हणाले की मेलेल्या हवेस वास नसतो, रंग नसतो, आणि शूर माणूस तिला फार आवडतो.

आता माझा दिवस.

साक्कोट्टैच्या रस्त्यावर एक छत्र होतं, म्हणजे लग्नकार्याला देतात तशी धर्मशाळा. तिथली विहीर कित्येक वर्षं फळ्यांनी झाकलेली. चैत्रात गावातलं पाणी आटलं तेव्हा तिचा गाळ काढायचं ठरलं. दुसऱ्या दिवशी तिथे लग्न होतं आणि आचारी दुपारी येणार होते. नेमके त्याच दिवशी कयिरुराव स्वामीमलैला गेले. तिथल्या मूर्ती ओतणाऱ्या स्थपतीकडून त्यांनी दोरासाठी पितळी कप्पी करून घेतली होती. स्थपती मुहूर्त पाहिल्याशिवाय काही हातात देत नसे, मग ती कप्पी का असेना. जाताना मला बजावून गेले, झांकण काढून ठेवा, मी येईतों कोणी उतरूं नये.

मी झाकण काढलं. कंदील दोराला बांधून तळापर्यंत सोडला. तो छान जळत राहिला, म्हणजे हवा चांगली. छत्राचा कारभारी दर पाच मिनिटांनी येऊन आचारी आचारी करत होता. मला वाटलं, कयिरुरावांची बस येईपर्यंत अर्धा गाळ वर आलेला असला तर त्यांना माझ्याबद्दल काही वाटेल. करुप्पनने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. तो उतरला.

कागद मीच लिहिला. ओढणारे वेलन आणि वळ्ळी. पळणारा कारभारी. सांगणारा लिहिलाच नाही, ज्याला सांगायचं ती तिथेच होती. धरणारा मी.

पुढचे माझे सगळे निर्णय एकेकटे पाहिले तर शहाणपणाचेच होते. खणणाऱ्याच्या कमरेशी कंदील सतत टांगता ठेवायचा, असा नियम. पण कंदिलाला एक दोर अडकून पडला होता आणि गाळाची बादली एकच चालत होती. मी कंदील वर घेतला आणि त्या दोराला दुसरी बादली लावली. काम दुप्पट झालं. मग दोन बादल्यांचे दोर करुप्पनच्या दोरात गुंतायला लागले. खालून त्याने विचारलं, माझा दोर सोडू का? मी म्हणालो, सोड, राव यायच्या आत परत बांध.

गाळ ढवळला की त्याच्या पोटातली हवा सुटते, हे मला आठ महिन्यांत निदान शंभर वेळा सांगितलं गेलं असेल.

बादली भरून वर यायची थांबली. वळ्ळीने दोर हलवला. काही नाही. तिने हाक मारली. मग आरशाने उन्हाचा कवडसा खाली टाकला. कयिरुरावांच्या पेटीत त्यासाठी दाढीचा आरसा असे. करुप्पन गुडघाभर गाळात बसला होता, भिंतीला टेकून, गप्पा मारायला बसल्यासारखा.

वेलन काठावर धावला. आणि मी त्याला धरलं. हे मला अभिमानाने सांगायचं आहे. मागून कंबर पकडली, त्याने कोपर मारलं, माझा ओठ फुटला, मी सोडलं नाही. कागदाप्रमाणे माझं काम पूर्ण झालं होतं. इथे मी थांबलो असतो तर ही हकिकत लिहावीच लागली नसती.

पण वेलन मटकन खाली बसला आणि रडू लागला, आणि मला वाटलं, हा अडाणी आहे, मी शिकलेला. हा श्वास घेईल म्हणून मरेल. मी घेणार नाही. पाय ठेवायला भिंतीत केलेल्या पंधरा खोबण्या खाली, दोर बांधायचा, पंधरा वर. मी बादलीचा दोर सोडून माझ्या कमरेला गाठ मारली, दुसरं टोक वेलनच्या हातात दिलं आणि उतरलो. धरणाऱ्याला धरायला कागदावर कोणी नव्हतं.

श्वास मी सात खोबण्यांपर्यंत धरला. आठव्या खोबणीवर एक छोटा श्वास घेतला. त्याला खरंच काही वास नव्हता. त्याने इतकं बरं वाटलं की अजून एक घेतला. मग मला आठवतं ते एवढंच, की विटा फार सुंदर दिसत होत्या आणि माझे पाय कुठे आहेत ते मला कळत नव्हतं, आणि त्यानंतर एकदम, छातीवर कोणी जातं ठेवावं तशी भीती. अंगातली सगळी ताकद गेलेली आणि नुसती भीती शिल्लक. ओरडायला तोंड उघडलं की तीच हवा आत येणार, हेही कळत होतं. उघडलं.

नंतरचं मला इतरांनी सांगितलं. मी वर आलो तो उलटा, पाय आधी, कारण गाठ कमरेवरून घसरून मांड्यांवर अडकली होती. मग वळ्ळीने छत्राच्या स्वयंपाकघरातून गळ मागवला, पडलेल्या घागरी काढायला प्रत्येक विहिरीवर असतो तो आकड्यांचा झुपका. करुप्पनच्या पाठीवर जाड कापडी पट्टा होता आणि पट्ट्याला दोन खांद्यांच्या मधोमध एक लोखंडी कडी. कयिरुराव प्रत्येक उतरणाऱ्याला तो पट्टा घालायला लावत आणि माणसं स्वतःला बैल म्हणून घेत. ती कडी वरून, कोणी खाली न उतरता, गळाने पकडता यावी म्हणून होती. पोत्याच्या तालमीत वळ्ळीने ती कितीतरी वेळा पकडली होती. मी ती पाहिली होती, छत्रीखालून. कारभाऱ्याने आरसा धरला, तिने गळ सोडला आणि तिसऱ्या खेपेला कडी लागली.

सरकारी इस्पितळात आमच्या खाटा शेजारी शेजारी होत्या. करुप्पन दुसऱ्या दिवशी दुपारी बोलला. तोवर तो बोलेल की नाही हे डॉक्टरलाही सांगता येत नव्हतं, आणि मी रात्रभर त्याची छाती वर जाते का ते पाहत होतो. कयिरुराव दोन खाटांच्या मधे स्टुलावर बसले होते. रागावले नाहीत. खांद्यावरचं वेटोळं मांडीवर घेऊन ते दोराचा पीळ तपासत होते.

करुप्पनने कंजी, म्हणजे तांदळाची पेज, मागितली, तेव्हा मला हुंदका आवरला नाही. वळ्ळी त्याला भांड्याने पाजत होती. मला वाटलं, काहीतरी बोलायला हवं. आठ महिन्यांच्या तमिळमध्ये जमेल तितकं नीट सांगितलं, की तुझा स्वतःचा नवरा खाली असताना तू आधी मला ओढून काढलंस, एका परक्या माणसाला, हे मी जन्मभर विसरणार नाही.

तिने नवऱ्याच्या ओठांवरून कंजी पुसली आणि माझ्याकडे न बघताच म्हणाली, "तुम्ही त्याच्या अंगावर पडला होता, सामी. तुम्हाला उचलल्याशिवाय कडी दिसत नव्हती."